भाऊ सही मागतोय, आई गप्प आहे

पत्राचा सारांश (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत):

पत्र लिहिणाऱ्या बाई ४७ वर्षांच्या आहेत. १९९९ साली लग्न होऊन शहरात आल्या, एका शाळेच्या ऑफिसात नोकरी करतात. माहेर पश्चिम महाराष्ट्रातल्या एका गावात. वडील २०२३ मध्ये गेले. मागे आई, थोरली बहीण, या स्वतः आणि धाकटा भाऊ. आजोबांकडून आलेली सहा एकर जमीन आणि गावातलं घर अजून वडिलांच्याच नावावर आहे. भाऊ शेती करतो, आई त्याच्याकडे असते. 'जिवंत सातबारा'ची मोहीम आहे, तलाठी थांबणार नाही, बँक कर्ज देत नाही, असं सांगून भावाने दोघी बहिणींना आणि आईला हक्कसोडपत्रावर सह्या करायला बोलावलं आहे. थोरली बहीण तयार आहे. तिचं लग्न १९९२ सालचं, त्यामुळे 'तुला तर कायद्यानेच काही मिळत नाही' असं तिला सांगण्यात आलंय. आई काही बोलत नाही. एकदाच म्हणाली, "माझ्या माघारी तुला दार उघडं राहायला नको का?" इकडे नवरा म्हणतो, हिस्सा सोडायचा नाही, तो विकून फ्लॅटचं कर्ज फेडू. याच नवऱ्याने काही वर्षांपूर्वी आपल्या बहिणीकडून हक्कसोड करून घेतली होती आणि त्या दिवशी पुरणाचा स्वयंपाक या बाईंनीच केला होता. कॉलेजात जाणारी मुलगी विचारते, "तू सही केलीस तर उद्या मी काय करायचं?" बाई लिहितात: "हिस्सा मागितला तर माहेर जाईल, सोडला तर घरात मूर्ख ठरेन. मी काय करू?"

नमस्कार,

आधी घाईचं बघू, कारण तुमच्या पत्रातली निम्मी भीती तिच्यातूनच आली आहे. 'जिवंत सातबारा' ही मोहीम २०२५ मध्ये राज्यभर सुरू झाली ती सातबाऱ्यावर वर्षानुवर्षं तशीच राहिलेली मयतांची नावं कमी करून तिथे वारसांची नावं लावण्यासाठी. सगळ्या वारसांची. त्यासाठी मृत्यूचा दाखला लागतो, वारसांची माहिती लागते, प्रतिज्ञापत्र लागतं. हक्कसोडपत्र लागत नाही. वारस नोंदीने तुमचं नाव सातबाऱ्यावर चढतं आणि हक्कसोडीने ते उतरतं. पण गावोगाव ही दोन्ही कामं एकाच फेरीत उरकायची पद्धत पडून गेली आहे. बहिणींनी सकाळी यायचं, तलाठ्याकडे (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं, पण गावात तलाठीच चालतं) दोन-चार ठिकाणी सह्या करायच्या, जेवायचं आणि संध्याकाळच्या एसटीने परत. आपण नेमकं काय केलं ते कित्येकींना कळतं ते थेट भाच्याने जमीन विकायला काढल्यावर.

तेव्हा भावाला आजच कळवून टाका की वारस नोंदीला माझी काही हरकत नाही, लागतील ते कागद पाठवते. हा नकार नाही, भांडणही नाही, आणि त्याचं अडलेलं काम याने पुढे सरकतं. अर्ज ई-हक्क प्रणालीवर ऑनलाइनही करता येतो. अर्ज गेला की फेरफार (म्हणजे नावं बदलण्याची नोंद) धरला जातो, संबंधितांना नोटीस निघते, हरकतीसाठी १५ दिवस असतात आणि मग मंडळ अधिकारी तो मंजूर करतात. तुम्ही एवढंच बघा की तुमचं, ताईचं आणि आईचं नाव भोगवटादार, म्हणजे जमिनीचे धारक, म्हणून लागतंय, की बाजूच्या 'इतर हक्क' या रकान्यात ढकललं जातंय. मुलींना आणि विधवांना त्या रकान्यात बसवायची जुनी खोड आहे. फेरफाराचा उतारा हातात येईपर्यंत कोणत्याही 'जबाबा'वर सही नको.

बँकेचं म्हणाल, तर सातबाऱ्यावर चार नावं आहेत म्हणून पीककर्ज कायमचं अडतं असं नाही. सहखातेदारांची संमती घेऊन बँका कर्ज देतात. ठिबकसाठी, पाइपलाइनसाठी भावाला कर्ज हवं असेल तर संमतीपत्र द्या. पण आधी कर्ज किती, कशासाठी आणि बोजा (कर्जाची नोंद) जमिनीच्या कोणत्या गटावर चढणार हे वाचून द्या.

आता ताईचं. तिला अर्धीच गोष्ट सांगितली गेली आहे. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलासारखा जन्मतः हक्क दिला, पण त्या तारखेआधी लग्न झालेल्या मुलींना वगळलं. तेवढ्यावर थांबलं तर भावाचं म्हणणं खरं. पुढे ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राने हिंदू वारसा कायदाच बदलला आणि मुलीचं लग्न कधी झालं हा मुद्दाच उरला नाही. त्या दिवशी वडील हयात असायला हवे होते का, यावर न्यायालयांत बरीच वर्षं घोळ चालला. सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ११ ऑगस्ट २०२० रोजी तो संपवला. हक्क जन्माने येतो, वडील हयात असण्याची अट नाही. तुमचे वडील तर २०२३ मध्ये गेले, त्यामुळे तुमच्या घरात तो प्रश्नच नाही. ताईचा हक्क तुमच्याइतकाच आहे आणि तुमचा भावाइतका.

हिशेबही सांगते, कारण 'थोडंफार असेल तुझं' या बोलण्यात तो नेहमी विरघळून जातो. वडील असताना वाटणी झाली असती असं धरलं तर वडील, आई आणि तुम्ही तिघं भावंडं असे पाच समान हिस्से पडतात. वडील गेल्यावर त्यांचा पाचवा हिस्सा उरलेल्या चौघांत समान जातो. म्हणजे शेवटी प्रत्येकाला चौथा हिस्सा, सहा एकरात दीड एकर. जमीन वडिलांच्या स्वकष्टाची असती आणि मृत्युपत्र नसतं, तरी आकडा तोच आला असता. गावातल्या घरालाही हेच लागू. राहत्या घरात पुरुष वारस वाटणी करेपर्यंत मुलींनी थांबायचं, असं एक कलम पूर्वी होतं, ते २००५ सालीच गेलं. या सगळ्यात दोन गोष्टी तपासून घ्या. २० डिसेंबर २००४ च्या आधी वडिलांनी नोंदणीकृत वाटणी किंवा काही विक्री केली होती का, ते बघा. केली असेल तर ती मोडता येत नाही. आणि वडिलांचं मृत्युपत्र आहे का. असलं तरी वडिलोपार्जित मिळकतीत ते त्यातून फक्त स्वतःच्या हिश्श्याचीच व्यवस्था लावू शकत होते.

झाला कायदा. पण तुम्ही मला कायदा विचारलेला नाही. तुम्ही विचारलंय, हिस्सा की माहेर. हा प्रश्न तुमच्यासमोर असाच, दोनच पर्यायांचा, कुणी मांडला? भावाने तर तसं म्हटल्याचं पत्रात कुठेच नाही. आई म्हणाली, तेही भीतीपोटी. बाकी सगळं आपण बायकाच ऐकत आलेल्या गोष्टींमधून भरलेलं आहे: अमकीने वाटणी मागितली आणि भाऊबीज बंद झाली, तमकीच्या मुलाच्या लग्नात मामा फिरकला नाही. या गोष्टी खोट्या नाहीत. असं होतं. पण ज्यांनी सही केली त्या सगळ्यांची भाऊबीज चालू राहिली का, हे कुणी सांगत नाही. सही झाल्यावर वर्षाला एक साडी आणि 'कधी आलीस?' एवढ्यावर आलेली माहेरं मी पुष्कळ पाहिली आहेत, आणि नाव सातबाऱ्यावर असताना बहिणीला विचारल्याशिवाय बांधावरचा आंबाही न विकणारे भाऊही.

ही भीती जुनी आहे. हिंदू कोड बिलावर चर्चा चालू होती तेव्हाही विरोध करणारे हेच म्हणत होते, मुलींना हिस्सा दिला की घरं फुटतील. ते बिल रखडवलं गेलं म्हणून १९५१ साली डॉ. आंबेडकरांनी मंत्रिपद सोडलं. १९५६ साली हिंदू वारसा कायदा झाला तेव्हा वडिलांच्या वाट्यात मुलगी वारस झाली, पण वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत तिला देशभर जन्माने हक्क मिळायला २००५ उजाडलं. तुमच्या आईचा सगळा संसार या मधल्या काळात झाला. तिला भीती वाटते यात तिचा काय दोष?

पण आईबद्दल मला तुमच्याशी जरा वेगळंच बोलायचंय. आठ पानी पत्रात तुम्ही स्वतःच्या सहीचा इतका विचार केलाय, पण आईच्या सहीबद्दल एकच ओळ आहे, "आईपण करणारच आहे, तिला काय, ती त्याच्याकडेच राहते." मला वाटतं, तुमच्या घरातला सगळ्यात मोठा प्रश्न या ओळीत आहे. तुम्ही हिस्सा सोडलात तर तुमची नोकरी आहे, संसार आहे. आईजवळ त्या दीड एकराशिवाय आणि घराच्या चौथ्या हिश्श्याशिवाय स्वतःचं म्हणावं असं काय आहे? ते नाव आहे तोवर ती मुलाच्या घरात राहत नाही, स्वतःच्या घरात राहते. सही झाली की ती आश्रित होते. तुमचा भाऊ चांगला असेल, वहिनीही चांगली असेल. पण उद्या भावाला काही झालं, किंवा भाच्यांनी जमीन विकायची ठरवली, तर त्या कागदावर आईला विचारायचं कारण उरणार नाही. ती गप्प आहे म्हणजे तिची संमती आहे असं तुम्ही सगळ्यांनीच, तुमच्यासकट, धरून चालला आहात.

तेव्हा स्वतःच्या हिश्श्याचं काय करायचं हे ठरवायला तुम्ही सहा महिने घ्या, वर्ष घ्या. वारस नोंद झाली की तुमचा हक्क कुठे पळत नाही. एकट्या भावाने जमीन कसली म्हणून तुमचा हिस्सा आपोआप बुडत नाही. आईची सही मात्र आधी थांबवा. तिला एकटीला गाठा. चार दिवस तुमच्याकडे आणा, दवाखान्याचं निमित्त काढा हवं तर. आणि तिला विचारा की तिला काय हवंय. 'दार उघडं राहायला हवं' हे ती तुमच्याबद्दल बोलली की स्वतःबद्दल, तेही विचारा.

तिला आपलं सगळं मुलालाच द्यायचं असेल, तर तो तिचा अधिकार आहे, आणि तुम्ही त्यात मोडता घालू नये. पण त्यासाठी हक्कसोड करायची गरज नाही. ती मृत्युपत्र करू शकते. मिळणार मुलालाच, पण तिच्या माघारी, आणि ती जिवंत आहे तोवर ते मृत्युपत्र बदलायचा अधिकार तिच्याच हातात राहतो. आजच नावावर करून द्यायचं म्हणत असेल, तर बक्षीसपत्रात 'आईचा सांभाळ, औषधपाणी आणि राहत्या घरात हयातभर राहण्याचा हक्क' ही अट स्पष्ट शब्दांत लिहून घ्या. ज्येष्ठ नागरिकांसाठी २००७ सालचा कायदा आहे. अशी अट मोडली तर तो व्यवहार रद्द करून मागता येतो. अट तोंडी असली की मग पुरावे जमवत बसावं लागतं.

आता भावाची बाजू, कारण तीही आहे. "तुझ्या लग्नात खर्च केला" हा मुद्दा मी बाजूला ठेवते. तो खर्च जेवणावळीत, मंडपात आणि मानपानात गेला, तुमच्या नावावर काही राहिलं नाही, आणि हुंडा दिला असेल तर तो देणं-घेणं १९६१ पासून गुन्हा आहे. त्याची वजाबाकी हिश्श्यातून कशी करायची? पण "मी राबलो, मी सांभाळलं" हा मुद्दा खरा आहे. वडिलांच्या आजारपणात रात्री कोण जागलं? विहिरीचं खोलीकरण कुणी केलं, सोसायटीचं कर्ज कुणी फेडलं? याचं मोल व्हायला हवं, आणि तुम्ही स्वतःहून ते काढलंत तर बोलण्याचा सूरच बदलेल. जमीन सुधारायला त्याने घातलेला पैसा वेगळा धरा. सांभाळण्याचं श्रेय देताना मात्र नीट बघा की त्यातलं किती भावाचं आणि किती वहिनीचं. बहुतेक घरांत मुलगा सांभाळतो म्हणजे सून सांभाळते. आणि त्या वहिनीचं नाव तरी कुठे आहे सातबाऱ्यावर?

भावाशी बोलताना हे जरूर काढा. १९८६ साली चांदवडला शेतकरी संघटनेचं महिला अधिवेशन झालं. त्यानंतर शरद जोशींनी लक्ष्मीमुक्तीचा कार्यक्रम दिला, म्हणजे शेतकऱ्याने आपल्या हाताने बायकोच्या नावावर जमीन करून द्यायची. गावंच्या गावं त्यात उतरली होती. पुढे सरकारनेही त्याच नावाने योजना आणली. नवऱ्याने अर्ज केला की बायकोचं नाव सहहिस्सेदार म्हणून सातबाऱ्यावर लागतं. तरीही २०१५-१६ च्या कृषी गणनेत देशातल्या जमीन खातेदारांत बाया होत्या साधारण १४ टक्के. खुरपणी, लावणी, काढणी, गुरांचं सगळं बाया करतात आणि उताऱ्यावर मात्र त्या नसतात. भाऊ उद्या आपल्या हिश्श्यात वहिनीचं नाव लावणार असेल, तर तुमच्या मनाला बरं वाटेल की नाही? माझा अंदाज आहे, तुमचा निम्मा राग तिथेच ओसरेल.

या सगळ्याची दुसरी बाजूही सांगायला हवी. मुलीचा हक्क समान तर जबाबदारीही समान. लग्न झालेल्या मुलीवरही आईवडिलांच्या पोटगीची जबाबदारी येते, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८७ सालीच महाराष्ट्रातल्या एका प्रकरणात सांगितलंय. तुम्ही हिस्सा राखणार असाल तर आईच्या गोळ्यांचा, डोळ्यांच्या ऑपरेशनचा, वर्षातल्या दोन-तीन महिन्यांचा वाटाही उचला. तुमच्या पत्रात आईला तुमच्याकडे ठेवण्याचा विषयच नाही. फ्लॅट लहान आहे हे मान्य, पण भाऊ नेमकं यावरच बोट ठेवेल, आणि ते चूक नसेल.

आता तुमच्या घरात येते. तुमचे यजमान म्हणतात, हिस्सा सोडायचा नाही. वाक्य बरोबर आहे, पण ते कुणासाठी म्हणतायत? जमीन तुमच्या नावावर आली की ती फक्त तुमची. ती विकायची की नाही, विकली तर पैशाचं काय करायचं, हे तुम्ही ठरवायचं. फ्लॅटचं कर्ज फेडायला तुमची हरकत नसेल तर फेडा, पण आधी फ्लॅट कुणाच्या नावावर आहे ते बघा. एकट्या त्यांच्या नावावर असेल तर माहेरची जमीन विकून सासरच्या मिळकतीत पैसे ओतल्यासारखं होईल, आणि दोन्हीकडे तुमचं नाव नसेल. आणि हो, नणंदेचं. तुम्ही स्वतःच ते पत्रात लिहिलंत, म्हणजे ते तुम्हाला बोचतंय. त्या दिवशी पुरण शिजवलं म्हणून मी तुम्हाला दोष देणार नाही; सुनेला त्या बैठकीत कुणी विचारलं असतं असं नाही. पण आज विचारता येईल. यजमानांना म्हणा, माझ्या भावाला जो न्याय लावताय तोच तुमच्या बहिणीला लावा. झालेली नोंदणीकृत हक्कसोड परत फिरवणं अवघड असतं, पण नवरा आपल्या हिश्श्यातून बहिणीला काही गुंठे किंवा रोख रक्कम देऊ शकतो, त्याला कायदा आडवा येत नाही. ते तयार झाले तर भावासमोर तुमच्या शब्दाला वजन येईल. तयार झाले नाहीत, तर हिस्सा मागण्यामागे त्यांचं काय आहे, ते तुम्हाला कळेल.

मग करायचं काय? माझा कल सांगते. नाव ठेवा, वाटणी मागू नका. निदान आई आहे तोवर. भाऊ कसतोय, कसू द्या. चौघांत एक साधा लेख करा: शेती भावाने करायची, आईचा खर्च उत्पन्नातून निघायचा, बहिणींना वर्षाला धान्य किंवा ठरावीक रक्कम द्यायची (किंवा नाही द्यायची, तुम्ही ठरवा), आणि विक्री, गहाण, बोजा यांतलं काहीही चौघांच्या सहीशिवाय नाही. तुमच्याइतक्याच जमिनीच्या, एकाच भावाच्या घरांत हे सहसा निभावतं. तीन-चार भाऊ असतील, जमीन रस्त्यालगत असेल किंवा भूसंपादन तोंडावर असेल, तर मात्र असं मोघम ठेवू नये. तिथे लवकर आणि पक्की वाटणी बरी, कारण मोबदल्याचा चेक आला की गोडी टिकत नाही. सगळ्यांची संमती असेल तर तहसीलदारांकडे महसूल अधिनियमाच्या कलम ८५ खाली वाटप होतं, नसेल तर दिवाणी न्यायालय. तुकडेबंदीचा (शेतीचे फार लहान तुकडे करू न देणारा) कायदाही बघावा लागतो, पण दीड एकरात ती अडचण येऊ नये.

पैसाच हवा असेल तर हिस्सा आधी भावाला विचारा. वारसांपैकी एकाने हिस्सा विकायला काढला तर इतर वारसांना तो घेण्याचा अग्रहक्क कायद्यातच आहे, आणि २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाने तो शेतजमिनीलाही लागू होतो असं सांगितलंय. बाजारभाव लावून, थोडा कमी करून, चार-पाच वर्षांच्या हप्त्यांत घ्या. परक्याला बांधावर आणून बसवायची धमकी देऊ नका. तिथून खरंच माघारी येता येत नाही.

आणि सोडायचाच असेल तर सोडा. मनापासून बहिणीने भावाला दिलं तर त्यात मूर्खपणा काही नाही. घरात कोण काय म्हणेल याचा विचार करून हिस्सा राखू नका, तसाच सोडूही नका. पण सगळाच का सोडायचा? हक्कसोड काही भागापुरतीही करता येते. वीस-पंचवीस गुंठे ठेवून बाकी सोडा. महाराष्ट्रात शेतजमीन घ्यायची तर मुळात शेतकरी असावं लागतं, आणि सातबाऱ्यावरचं शेवटचं नाव गेलं की तुमचा तो दर्जा जातो. पुढे तुमच्या मुलीला गावाकडे दोन एकर घ्यावीशी वाटली, तर आईचा उतारा तिच्या कामी येऊ शकतो. हक्कसोड भावाऐवजी आईच्या लाभातही करता येते. वहिनीला द्यायचं असेल तर हक्कसोड चालणार नाही, बक्षीसपत्र लागेल, कारण ती सहहिस्सेदार नाही. यातलं काहीही केलंत तरी ते दुय्यम निबंधकाकडे नोंदवलेलंच हवं. पाचशेच्या स्टॅम्पपेपरवर नोटरी करून दिलेली हक्कसोड जमिनीच्या बाबतीत टिकत नाही. भावंडांतल्या वडिलोपार्जित हक्कसोडीला मुद्रांक शुल्क नाममात्र असतं, तेव्हा 'खर्च वाचवू' हे कारण ऐकून घेऊ नका. मोबदला घेत असाल तर कागदावर खरी रक्कम लिहा. 'विनामोबदला' लिहून पाठीमागे पैसे घेतले की पुढे दोघंही अडचणीत येतात.

'जमीन परक्या घरात जाते' ही भावाची भीतीही बोलून दाखवा. बाईला मूलबाळ नसेल आणि मृत्युपत्र नसेल, तर वडिलांकडून आलेली मिळकत तिच्या नवऱ्याकडे जात नाही, वडिलांच्या वारसांकडे परत जाते, असं कायद्यातच आहे. तुम्हाला मुलगी आहे, त्यामुळे मृत्युपत्र नसेल तर ती मुलीकडे आणि नवऱ्याकडे समान जाईल, मृत्युपत्र केलंत तर सगळी मुलीकडेच. मुलगी तर भावाची भाची. परकी कशी?

बोलणं कुठे करायचं, तेही महत्त्वाचं. तलाठी कार्यालयात नको, भाऊबीजेच्या ताटावर नको, फोनवर तर नकोच. दोन्ही मेहुण्यांना सोडून तुम्ही तिघं भावंडं आणि आई एवढेच बसा. भावकीतले जाणते मध्यस्थ बोलावण्याची घाई करू नका. ते बहुतेक वेळा ज्याच्या दारात बसतात त्याच्या बाजूने बोलतात. पहिलं वाक्य हिश्श्याचं नको. "आईचं काय करायचं ते आधी ठरवू" इथून सुरू करा. भाऊ चिडला, उठून गेला, तर जाऊ द्या. एका बैठकीत कुठलीच वाटणी झालेली नाही. दोन-तीन महिने फोन आला नाही म्हणजे माहेर तुटलं असंही नाही. तुम्ही करत राहा.

एक वकील मात्र स्वतःचा बघा. भावाने आणलेला वकील भावाचा असतो. पैशाची अडचण असेल तर तालुका न्यायालयात विधी सेवा समिती असते, जिल्ह्याला विधी सेवा प्राधिकरण. बाईला तिथे मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. १५१०० या क्रमांकावरही चौकशी करता येते. जाताना सातबारा, आठ-अ (खात्याचा उतारा), सगळे जुने फेरफार आणि भावाने पाठवलेला मसुदा घेऊन जा. मसुदा व्हॉट्सअ‍ॅपवर मागवून घ्या. न वाचता सही करायला आपण काही अडाणी नाही, असं हसत हसत म्हणा, पण मागवाच.

आणि हे सगळं ताईला आजच फोन करून सांगा. तिने 'कायद्यानेच काही मिळत नाही' असं समजून सही केली तर ते तिचं औदार्यही ठरणार नाही. तिला माहीत असूनही भावाला द्यायचं असेल तर खुशाल देऊ दे, तुम्ही मध्ये पडू नका. पण तारीख तिने ठरवू नये, भावानेही नाही. आधी वारस नोंद, चौघांची नावं असलेला सातबारा हातात, मग हक्कसोडीची चर्चा. हा क्रम ताईकडून कबूल करून घेतलात तरी सध्या पुरे.